एलेनी झाफिरिऊ: चाळिशीतली ‘म्हातारी’ आई

सोलापुरात जुन्या सिनेमाचा विषय निघाला की शशिकलाबाईंचं नाव येतंच. 1932 साली इथे जन्मलेल्या शशिकलाबाई नायिका म्हणून कमी आणि नायिकेच्या आयुष्यात बिब्बा घालणारी बाई म्हणून जास्त लक्षात राहिल्या. ‘आरती’ आणि ‘गुमराह’साठी लागोपाठ दोन फिल्मफेअर मिळाले, तेही सहायक अभिनेत्रीचे. दुसऱ्या फळीतल्या नटीकडे नीट बघायची सवय या गावाला आहे असं धरून चालतो आणि तीच नजर जरा लांब, 1950च्या दशकातल्या ग्रीक सिनेमाकडे वळवतो.

ग्रीक नट्या म्हटलं की आपल्याकडच्या चित्रपटवेड्यांना मेलिना मर्कुरी माहीत असते, इरीन पापास माहीत असते. एली लांबेतीपर्यंत पोचणारे थोडे. एलेनी झाफिरिऊ हे नाव मात्र ग्रीसबाहेर जवळपास कुणी घेत नाही. जन्म 1916, मृत्यू 2004. ग्रीक प्रेक्षकाला तिचा चेहरा पाठ आहे, कारण ती सगळ्यांची आई होती. काळा किंवा करडा पोशाख, मागे ओढून बांधलेले केस, खाली पडलेले खांदे, आणि मुलांमुळे नाहीतर नवऱ्यामुळे सोसणं. आपल्याकडे निरूपा रॉय यांचं जे झालं तेच तिचं झालं. एकदा आई केली की मग कुणी वय विचारत नाही.

वय विचारायला हवं, कारण सगळी गंमत तिथेच आहे. 1956च्या ‘तो कोरित्सी मे ता माव्रा’, म्हणजे इंग्रजीत ‘ए गर्ल इन ब्लॅक’ या नावाने फिरणाऱ्या सिनेमात ती एली लांबेतीची आई आहे. लांबेतीचा जन्म 1926चा. आई आणि मुलगी यांच्यात अंतर दहा वर्षांचं. त्याच घरात भाड्याने खोली घेणारा पाहुणा दिमित्रिस होर्नने केलाय. त्याचा जन्म 1921चा, म्हणजे घरमालकीण विधवा आपल्या भाडेकरूपेक्षा फक्त पाच वर्षांनी मोठी. इतर दिग्दर्शकांनी हे अंतर शालीखाली झाकलं. मिहालिस काकोयानिसने ते झाकलं नाही, उलट त्याच्यावरच गोष्ट उभी केली. झाफिरिऊचं सगळ्यात चांगलं काम याच सिनेमात आहे असं माझं मत आहे.

पण सुरुवात तिथून करू नये. आधी ‘इ थिया अपो तो सिकागो’, शिकागोची आत्या, हा 1957चा विनोदी सिनेमा बघावा. फिनोस फिल्मची निर्मिती, दिग्दर्शक अलेकोस साकेलारिओस. निवृत्त लष्करी अधिकारी, त्याच्या लग्नाच्या मुली, कडक शिस्त, आणि तीस वर्षांनी अमेरिकेतून परतलेली त्याची बहीण. ही आत्या घरातलं फर्निचर बदलते, मुलींचे कपडे बदलते आणि बाल्कनीखालून जाणाऱ्या तरुणांना घरात खेचायच्या युक्त्या काढते. आत्या झालेली योर्गिया वासिलियादू सगळा सिनेमा खाऊन टाकते, ओरेस्तिस माक्रिसचा बाप उरलेला खातो. झाफिरिऊ या बापाची बायको आहे. तिच्या वाट्याला काय येतं? नवरा आणि नणंद यांच्यामध्ये उभं राहणं. ठरावीक आई कशी असते ते इथे कळतं आणि पुढच्या दोन सिनेमांसाठी मोजपट्टी हातात येते. सोलापुरात हा सिनेमा समजावून सांगावा लागणार नाही. तिथला ‘प्रिका’ म्हणजे आपला हुंडाच. भारतात हुंडाबंदीचा कायदा 1961चा, ग्रीसने ‘प्रिका’ कायद्यातून काढला तो 1983 साली. सिनेमातला बाप घाबरलेला का असतो, ते एवढ्यात आलं.

आता ‘ए गर्ल इन ब्लॅक’. जागा इद्रा बेट, नकाशावर हायड्रा. या बेटावर आजही मोटारी चालत नाहीत, सामान गाढवांवरून जातं. पांढरी घरं, दगडी पायऱ्या, खाली बंदर. अथेन्सहून पावलोस नावाचा लेखक मित्राबरोबर सुट्टीला येतो आणि एकेकाळी श्रीमंत असलेल्या, आता उतरती कळा लागलेल्या घरात खोली घेतो. घरात विधवा फ्रोसो, मुलगी मारिना, मुलगा मित्सोस. फ्रोसोचे पुरुषांशी संबंध आहेत म्हणून गावातली टारगट पोरं या कुटुंबाला छळतात, त्यांचा म्होरक्या योर्गोस फुंदासने केलाय. मुलगा आईवर हात उचलण्यापर्यंत गोष्ट जाते. पुढे एका होडीचं बूच काढण्याची थट्टा होते, होडीत लहान मुलं असतात, आणि त्या थट्टेची किंमत सगळं गाव मोजतं.

समीक्षक लांबेती आणि होर्नबद्दल लिहितात आणि ते योग्यच आहे. पण फ्रोसोकडे बघा. ‘पाय घसरलेली विधवा’ ही भूमिका करायच्या दोन ठरावीक रीती आहेत, एक म्हणजे थेट उठवळपणा आणि दुसरी म्हणजे पहिल्या प्रसंगापासून पश्चात्ताप. झाफिरिऊ दोन्हीकडे जात नाही. तिची फ्रोसो लाजते, पण लाज वाटते म्हणून थांबत नाही. घरात पाहुणे आले की तिला बरं वाटतं, कारण कुणीतरी तिच्याशी माणसासारखं बोलतं. मुलीसमोर ती अपराधी असते आणि त्याच वेळी मुलीच्या करड्या नजरेचा तिला रागही येतो. चाळीस वर्षांची बाई, नवरा गेलेला, बेटावर कोंडलेली. ‘आई’ हा साचा बाजूला ठेवला तर या बाईत चुकीचं काय, हा प्रश्न दिग्दर्शक विचारतो आणि उत्तर तिच्या तोंडी देत नाही. ग्रीक स्त्रिया सार्वत्रिक निवडणुकीत पहिल्यांदा मतदानाला गेल्या ते सालही 1956च आहे. सिनेमात याचा उल्लेख नाही, पण काळ कुठला ते लक्षात ठेवून बघावं.

इथे मराठी प्रेक्षकाला एक गोष्ट आधी सांगावीच लागते. आपल्याकडे काळा रंग म्हणजे संक्रांतीची चंद्रकळा, कौतुकाचा रंग. विधवेसाठी आपल्या डोळ्यांना पांढरं किंवा जुन्या काळातलं लाल आलवण ओळखीचं. ग्रीसमध्ये काळा हा सुतकाचा रंग, आणि तो वर्षानुवर्षं, कधी कधी जन्मभर अंगावर राहतो. शीर्षकातली काळ्या कपड्यांतली मुलगी सुतकात आहे. हे दोन वाक्यांत सांगितलं नाही तर पहिला अर्धा तास लोकांना ती नुसती साध्या कपड्यांतली मुलगी वाटते.

आणि काळा रंग पडद्यावर दिसायला हवा, हा दुसरा प्रश्न. छायाचित्रण वॉल्टर लॅसलीचं, ज्याला पुढे ‘झोर्बा द ग्रीक’साठी ऑस्कर मिळालं. भर उन्हातल्या चुन्याच्या भिंती आणि त्यांच्यासमोर काळे कपडे, म्हणजे पांढऱ्याची आणि काळ्याची दोन्ही टोकं एकाच चौकटीत. स्वस्त प्रोजेक्टरवर इथे नेमकं बिघडतं. लॅपटॉपची एचडीएमआय जोडणी 16 ते 235 या मर्यादित पट्ट्यात चित्र पाठवत असेल आणि प्रोजेक्टर 0 ते 255 धरून बसला असेल, तर काळा करडा पडतो आणि सगळं धुरकट दिसतं. उलट झालं तर फ्रोसोचा पोशाख डांबराचा गोळा होतो आणि भिंतींवरचा पोत उडून जातो. म्हणून दोन्हीकडे एकच पट्टा लावावा. मग एखादी चौकट थांबवून काळ्या कपड्याच्या चुण्या दिसतात का ते बघावं. चुण्या दिसल्या आणि भिंतीवरचे चुन्याचे फराटेही दिसले की जमलं. ‘डायनॅमिक कॉन्ट्रास्ट’ बंद ठेवावा, नाहीतर ढग आल्यासारखं चित्र आपोआप उजळत-मंदावत राहतं. टीव्हीवर बघणार असाल तर हालचाल गुळगुळीत करणारं सेटिंगही बंद करा. त्याने 1956चा सिनेमा संध्याकाळच्या मालिकेसारखा दिसायला लागतो.

चित्राचा आकार हा तिसरा घोळ, आणि दुय्यम नटीला सगळ्यात जास्त मार इथेच बसतो. हे सिनेमे जवळपास चौकोनी आहेत, रुंदी उंचीच्या 1.37 पट. आजचा पडदा 1.78चा. भरून दिसावं म्हणून कुणी चित्र ताणलं तर सगळे चेहरे जवळजवळ तिसऱ्या हिश्शाने रुंद होतात आणि झाफिरिऊची खप्पड गालांची विधवा गुबगुबीत होते. वरून-खालून कापून बसवलं तर जवळजवळ पाव चित्र जातं, आणि जातं ते नेमकं खालचं. त्यात हात असतात. ही बाई हातांनी काम करते. एप्रन, टेबलाची कड, शालीचं टोक, काही ना काही तिच्या हातात असतंच. हात कापले की उरतो तो फक्त केविलवाणा चेहरा, आणि मग लोक म्हणतात की ही नुसती रडते. व्हीएलसी या फुकट मिळणाऱ्या व्हिडिओ प्लेअरमध्ये ‘ए’ कळ दाबत गेलं की आकार बदलतो, ‘सी’ दाबलं की कापणं बदलतं. दोन्ही मूळ स्थितीवर ठेवा. आठ फूट रुंद पडद्यावर चित्र सहा फुटांच्या किंचित वर येईल, दोन्ही बाजूंना काळे पट्टे राहतील. ‘पडदा वाया चाललाय’ असं कुणीतरी म्हणणारच. म्हणू द्या.

तिसरा सिनेमा ‘तो तेलेफ्तेओ प्सेमा’, शेवटचं खोटं, 1958. इंग्रजीत ‘ए मॅटर ऑफ डिग्निटी’. दिग्दर्शक पुन्हा काकोयानिस, कॅमेरा पुन्हा लॅसली. अथेन्समधलं दिवाळं निघालेलं पण थाट न सोडणारं घर, आणि ते वाचवायला श्रीमंत, अमेरिकेतल्या ग्रीक माणसाशी लग्न करायला निघालेली मुलगी क्लोई, म्हणजे लांबेती. या कामासाठी लांबेतीला ब्रिटिश अकादमीचं परदेशी अभिनेत्रीचं नामांकन मिळालं. झाफिरिऊ इथे कातेरीना, घरची मोलकरीण. दोन वर्षांपूर्वी आई झालेली बाई आता तिचीच मुलगी झालेल्या नटीच्या घरची भांडी घासते. कातेरीनाचा पगार महिनोन् महिने थकलाय, तिचा मुलगा आजारी पडतो, आणि मालकीणबाई मेजवान्या झोडतायत. दोन्ही सिनेमे लागोपाठ बघितले की एकाच शरीराच्या उभं राहण्याच्या दोन वेगळ्या पद्धती दिसतात. फ्रोसो दारात उभी राहते तेव्हा घर तिचं असतं. कातेरीना दारात उभी राहते तेव्हा तिला आत बोलावलेलं नसतं. हे संवादात कुठेही नाही.

शेवट तिनोस बेटावर होतो. 15 ऑगस्टला मारियामातेच्या देवळाची यात्रा भरते, नवस बोललेले लोक बंदरापासून देवळापर्यंत गुडघ्यांवर चढत जातात. इंग्रजी समीक्षांमध्ये या भागाबद्दल बरंच बावचळल्यासारखं लिहिलेलं असतं. पंढरपूर ज्या जिल्ह्यात आहे तिथल्या माणसाला दंडवत घालत जाणाऱ्या बाईत नवल काय? आपल्याला उलट दुसरंच दिसतं. त्या गर्दीत कातेरीना सगळ्यांसारखी आहे आणि क्लोई परकी. घरात नेमकं उलटं होतं.

आता शोधायचं कसं. आडनाव रोमन लिपीत वेगवेगळ्या तऱ्हांनी लिहितात. मधला ‘फ’ कुणी एफने, कुणी पीएचने, आणि त्यापुढची ‘इ’ कुणी ईआयने, कुणी नुसत्या आयने. सगळ्या टाकून बघा. सगळ्यात चांगलं म्हणजे ग्रीक कळफलक सुरू करून झिटा, आल्फा, फी, एप्सिलॉन, आयोटा, रो, आयोटा, ओमिक्रॉन, उप्सिलॉन असं टाइप करणं. श्रेयनामावलीत तिचं नाव ओळखायला ग्रीक येण्याची गरज नाही. इंग्रजीसारखाच झेड, मग ए, मग उभी काठी खुपसलेला गोल. हे तीन आकार ओळीने दिसले की तीच. सिनेमाची नावंही दोन्ही शोधा, मूळ ग्रीक आणि इंग्रजी, कारण एका नावाखाली अर्धवट प्रत असते आणि दुसऱ्याखाली पुरी. सालात एका वर्षाचा फरक दिसला तर घाबरू नका. ग्रीसमध्ये सिनेमे हंगामावर मोजायची रीत होती, 1957-58 असं, त्यामुळे कुणी पहिलं साल धरतं, कुणी दुसरं. फिनोस फिल्मचं स्वतःचं यूट्यूब चॅनेल आहे, आत्या तिथून बघावी. काकोयानिसचे सिनेमे तिथे सापडतीलच असं धरून चालू नये.

प्रत मिळाली की वेगाचा घोटाळा तपासा. सिनेमा सेकंदाला 24 चौकटींचा, युरोपातला टीव्ही 25चा. टीव्हीवरून आलेली प्रत चार टक्के वेगाने पळते, 100 मिनिटांचा सिनेमा 96 मिनिटांत संपतो आणि आवाज वर चढतो. पेटीवाल्यांच्या भाषेत, काळी एकचा माणूस काळी एक आणि पांढरी दोनच्या मध्ये कुठेतरी गातो. पुरुषांच्या आवाजात हे खपून जातं. झाफिरिऊचं रडणं मात्र त्याने किरकिरं होतं. व्हीएलसीमध्ये वेग 0.96 केला की चाल मूळ जागी येते, पण आवाजाची पट्टीही खाली यायला हवी तर सेटिंगमधलं ‘टाइम-स्ट्रेचिंग ऑडिओ’ बंद करावं लागतं.

सबटायटल पुढे-मागे पळतात त्याचंही कारण बहुतेक वेळा हेच. फरक पहिल्या मिनिटाला आणि शेवटच्या मिनिटाला सारखाच असेल तर नुसतं सरकवा, ‘जी’ आणि ‘एच’ कळांनी, एका दाबाला 50 मिलिसेकंद. फरक वाढत जात असेल तर सरकवून काही होणार नाही. 25च्या प्रतीसाठी केलेले सबटायटल 24च्या प्रतीवर लावले तर अर्ध्या तासाला ते सव्वा मिनिटाच्या आसपास आधी येतात आणि शेवटाला चार मिनिटं. ‘सबटायटल एडिट’ हा फुकट मिळणारा प्रोग्राम घ्या, त्यात चौकटींचा वेग बदलायची सोय आहे. 25 वरून 24 निवडा, नंतर पहिला आणि शेवटचा संवाद जुळवून बघा. ग्रीक सबटायटलची फाइल उघडल्यावर अगम्य चिन्हं दिसली तर ती जुन्या विंडोज-1253 संकेतात आहे. तो संकेत निवडून उघडा आणि यूटीएफ-8 मध्ये जतन करा.

मराठी सबटायटल करायचे तर ओळीला 35 ते 40 अक्षरं, जास्तीत जास्त दोन ओळी, एक सेकंदापेक्षा कमी नाही आणि सहा-सात सेकंदांपेक्षा जास्त नाही. देवनागरीला वर वेलांटी आणि खाली उकार लागतात, त्यामुळे इंग्रजीला चालणारं दोन ओळींमधलं अंतर इथे कमी पडतं. दोन ओळी एकमेकींत घुसतात. टंक ‘निर्मला’ किंवा ‘नोटो सॅन्स देवनागरी’ घ्या. जोडाक्षरं फुटून दिसली तर व्हीएलसी जुना आहे, तिसरी आवृत्ती किंवा त्यापुढची लागते. सभागृहाचा संगणक कसा असेल याचा भरवसा नसेल तर ‘हँडब्रेक’ या व्हिडिओ बदलणाऱ्या प्रोग्रामने सबटायटल चित्रातच भाजून न्या, म्हणजे ऐन वेळी बोंब नाही. इंग्रजीवरून भाषांतर करताना मूळ आवाज ऐकत राहा. ग्रीकमध्येही आपल्यासारखं एकेरी आणि आदरार्थी वेगळं असतं, इंग्रजी सबटायटलमध्ये ते सपाट होतं. कातेरीना मालकिणीला ‘किरीआ’ म्हणते तिथे आपल्याकडे ‘बाईसाहेब’ बसतं, ‘मॅडम’ नको.

तेलुगू सिनेमा सबटायटलशिवाय बघणारी माणसं सोलापुरात मराठी घरांतही सापडतात, ते काही एकट्या पूर्व भागातच नाही. अशा प्रेक्षकाला शब्द थोडा कमी दिला तरी चालतो, चेहरा वाचायची त्याला सवय असते. म्हणून गर्दीच्या प्रसंगांत प्रत्येक ओरड भाषांतरित करू नका.

खेळ लावायचा तर मे महिन्यात साडेसातच्या आधी नको. सूर्य सातच्या सुमाराला मावळतो आणि सभागृहाच्या पडद्यांच्या फटींतून येणारा उजेड पांढऱ्या भिंतींच्या या सिनेमाला मारतो. पत्र्याचं छप्पर आणि जुने पंखे असतील तर ध्वनिवर्धक पुढे दोन ठेवण्यापेक्षा चार लहान आणि प्रेक्षकांजवळ ठेवा. 1950च्या दशकातल्या ध्वनिपट्टीत खर्ज कमी असतो, त्यामुळे आवाज वाढवला की फक्त खरखर वाढते. दिव्याचा प्रोजेक्टर असेल तर यूपीएस हवाच. वीज गेली आणि आतला पंखा एकदम थांबला की तापलेला दिवा जातो, निदान पाच-दहा मिनिटं पंखा फिरत राहायला हवा. तिकीट असो वा नसो, सार्वजनिक खेळाआधी हक्कधारकाला आणि प्रमाणपत्राबाबत संबंधित कार्यालयाला लिहून विचारा. सिनेमाचा हक्क भारतात 60 वर्षांचा असला तरी पटकथा आणि संगीताचा हिशेब वेगळा चालतो.

तिन्ही सिनेमे एका दिवशी लावू नयेत. आत्या एका आठवड्यात, बाकीचे दोन पुढच्या आठवड्यात शनिवारी आणि रविवारी, याच क्रमाने. फ्रोसो आणि कातेरीना यांच्यामध्ये एकाच रात्रीचं अंतर ठेवा, म्हणजे तोच चेहरा लोक स्वतःहून ओळखतील. सुरुवातीच्या दोन वाक्यांत तिचं नाव सांगू नका. सुतकाच्या काळ्या रंगाबद्दल तेवढं सांगा.